लिव्हिंग विल कसं करावं: घरातल्या बोलण्यापासून पालिकेच्या पोचपावतीपर्यंत

भारतात डॉक्टरकडे मरण मागता येत नाही. नेदरलँड्समध्ये २००२ पासून आणि कॅनडात २०१६ पासून, कायद्याच्या अटींत बसणाऱ्या रुग्णाला डॉक्टरच्या मदतीने मरण स्वीकारता येतं. आपल्याकडे मरण देणारं इंजेक्शन देणं हा गुन्हा आहे, आणि रुग्णाने कितीही विनवण्या केल्या तरी तो गुन्हाच राहतो. उपचार नाकारण्याचा हक्क मात्र आपल्याला आहे. शुद्धीवर असलेला माणूस "मला डायलिसिस नको, व्हेंटिलेटर नको" असं स्वतः सांगू शकतो. शुद्ध हरपल्यावरही आपलाच शब्द चालावा म्हणून आधी करून ठेवायचा कागद म्हणजे लिव्हिंग विल, म्हणजेच वैद्यकीय इच्छापत्र.

हा कागद पहिल्यांदाच करू पाहणाऱ्यांसाठी हे लिहितो आहे. मजकूर टाइप करून सह्या घेणं फारसं अवघड नाही. खरं काम त्याआधीचं आहे: आपल्या वतीने कोण बोलणार हे ठरवायचं आणि ते घरातल्या सगळ्यांसमोर सांगायचं. ते टाळून केलेला कागद ऐन वेळी लटका पडतो, म्हणून माझा भर तिथेच राहील.

हा हक्क आला कुठून

मुंबईच्या केईएम रुग्णालयातल्या परिचारिका अरुणा शानबाग यांच्यावर नोव्हेंबर १९७३ मध्ये रुग्णालयातच हल्ला झाला. मेंदूला कायमची इजा झाली आणि पुढची चार दशकांहून अधिक वर्षं त्या तिथल्याच एका खाटेवर होत्या. त्यांना जगवणारे उपचार थांबवावेत म्हणून पत्रकार पिंकी विराणी सर्वोच्च न्यायालयात गेल्या. ७ मार्च २०११ च्या निकालात ती याचिका फेटाळली गेली, पण उच्च न्यायालयाच्या परवानगीने असे उपचार थांबवता येतील हे तत्त्व न्यायालयाने मान्य केलं. अरुणाच्या वतीने बोलायचं कोणी, हा त्या खटल्यातला कळीचा प्रश्न होता. न्यायालयाने तो अधिकार केईएमच्या कर्मचाऱ्यांचा मानला. त्यांनीच इतकी वर्षं अरुणाला भरवलं होतं, न्हाऊमाखू घातलं होतं. तिने जगावं असं त्यांचं म्हणणं होतं. १८ मे २०१५ रोजी अरुणा गेल्या. त्यांना स्वतःला काय हवं होतं, हे कळायला कुणाकडेही मार्ग नव्हता.

पुढे ९ मार्च २०१८ रोजी 'कॉमन कॉज' या संस्थेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सन्मानाने मरणं हा जगण्याच्या मूलभूत हक्काचाच भाग आहे असं सांगितलं आणि लिव्हिंग विलला मान्यता दिली. पण त्यावर प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्याची प्रतिस्वाक्षरी हवी, ही अट अशी होती की सामान्य माणूस त्या वाटेला जाणारच नाही. अतिदक्षता विभागात काम करणाऱ्या डॉक्टरांच्या राष्ट्रीय संघटनेने न्यायालयाकडे बदल मागितले, आणि २४ जानेवारी २०२३ रोजी ती अट गेली. आता नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी चालतो. जुन्या बातम्या वाचून "कोर्टात जावं लागतं" असं सांगणारे अजून भेटतात. त्यांचं ऐकून थांबू नका.

पहिलं काम: माणूस निवडा

तुमच्या वतीने उपचार नाकारण्याची किंवा थांबवण्याची संमती देणाऱ्या पालकाचं (गार्डियनचं) किंवा जवळच्या नातलगाचं नाव लिव्हिंग विलमध्ये लिहावं लागतं. एकाहून अधिक नावं देता येतात, आणि ती द्यावीतच.

बहुतेक घरांत थोरल्या मुलाचं नाव आपोआप पुढे येतं. तो न्यू जर्सीत असेल, तर रात्री तीन वाजता फोन उचलेल का? उचलला तरी समोरच्या डॉक्टरला, ज्याला त्याने कधी पाहिलेलं नाही, ठामपणे "नाही" म्हणेल का? प्रेम सगळ्यांचंच असतं. इथे गरज असते ती जवळ राहणाऱ्या, डोकं शांत ठेवणाऱ्या आणि स्वतःच्या इच्छेपेक्षा तुमची इच्छा वर मानणाऱ्या माणसाची. ती सून असू शकते, भाची असू शकते. ज्याला तुमच्या जाण्याची कल्पनाच सहन होत नाही, त्याच्यावर हे ओझं टाकू नका. त्याला ते पेलणार नाही, आणि नंतर आयुष्यभर सलत राहील.

दुसरं नाव पर्यायी म्हणून लिहा आणि क्रमही लिहा: पहिली व्यक्ती उपलब्ध नसेल तर दुसरी. दोघांनी एकमताने ठरवावं असं लिहून ठेवलंत, तर मतभेद झाल्यावर सगळं अडून बसेल.

मग ज्याला निवडलं त्याला विचारा. "आई, असं काय अभद्र बोलतेस!" हे पहिलं वाक्य येणारच. येऊ द्या. घरात कुणी आजारी नसताना, सणासुदीला सगळे जमले असताना विषय काढला की बोलणं सोपं जातं. "मला काही झालेलं नाही, पण उद्या तुमच्यात भांडण नको म्हणून सांगून ठेवते," एवढ्यावर सुरुवात होते. ज्याला निवडलं नाही त्याच्यासमोरही हे बोला. वर्षानुवर्षं लांब राहिलेला नातलग शेवटच्या दोन दिवसांत येतो आणि "काय वाटेल ते करा, पण वाचवा" म्हणतो. त्याच्या या आग्रहात बऱ्याचदा जवळ नसल्याची टोचणी असते. त्याने तुमच्या तोंडून आधी ऐकलेलं असेल, तर जवळ राहणाऱ्यावर "तुम्हीच मारलंत" असा आळ येत नाही.

दुसरं काम: काय नको ते नीट समजून घ्या

"मला नळ्या नकोत" हे वाक्य डॉक्टरच्या कामाचं नाही. कुठल्या नळ्या, कुठल्या अवस्थेत? फॅमिली डॉक्टरकडे वेळ घेऊन जा आणि एकेक उपचार विचारून घ्या.

व्हेंटिलेटर लावायचा म्हणजे तोंडातून श्वासनलिकेत नळी घालतात. रुग्णाला बोलता येत नाही. ती ओढून काढू नये म्हणून गुंगीचं औषध देतात आणि कधी हात पट्ट्यांनी खाटेला बांधून ठेवावे लागतात. बरेच दिवस गेले तर गळ्याला छिद्र पाडून नळी तिथून घालतात. न्यूमोनिया झालेल्या चाळिशीतल्या माणसाला हाच व्हेंटिलेटर आठवड्याभरात घरी पाठवू शकतो. म्हणून "व्हेंटिलेटर कधीच नको" असं सरसकट लिहिणं मला धोक्याचं वाटतं. बंद पडलेलं हृदय सुरू करण्यासाठी छाती दाबतात, तेव्हा वयस्कर माणसाच्या बरगड्या मोडू शकतात. निरोगी माणसाचं हृदय अचानक थांबलं तर ते करायलाच हवं. सर्वत्र पसरलेल्या कर्करोगाच्या अखेरीला त्यातून हाती काही लागत नाही. डायलिसिस, रक्तदाब टिकवणारी औषधं, नाकातून पोटात घातलेल्या नळीने अन्न, या प्रत्येकाबद्दल असंच विचारा: कधी उपयोग होतो, कधी नुसता काळ लांबतो?

नळीने अन्न देण्यापाशी घरचे सगळ्यात जास्त अडखळतात. उपाशी कसं ठेवायचं, हा प्रश्न आपल्याकडे पोटातून येतो. पण शरीर अखेरच्या टप्प्यावर आलं की भूक आपोआप मावळते, आणि जबरदस्तीने दिलेलं अन्न फुप्फुसात जाऊन त्रास वाढवू शकतं. तुमचं मत काहीही असो, या एका गोष्टीवर वेगळं वाक्य लिहा. मोघम ठेवलंत तर मुलांना तो निर्णय घेववणार नाही.

ठरावीक मुदतीचा प्रयत्नही लिहिता येतो: उपचार सुरू करून पाहा, डॉक्टरांनी ठरवलेल्या मुदतीत सुधारणा दिसली नाही तर थांबवा. पुष्कळ लोकांच्या मनाला हे पटतं, आणि डॉक्टरांनाही यावर काम करणं सोपं जातं.

तिसरं काम: मजकूर

करणारा १८ वर्षांवरचा, मानसिकदृष्ट्या सक्षम आणि कुणाच्या दडपणाखाली नसलेला असावा. स्मृतिभ्रंशाची पहिली चाहूल लागली असेल तर उशीर करू नका. निर्णयक्षमता शाबूत आहे तोवरच ही सही करता येते. मजकूर मराठीत चालतो. न्यायालयाने ठराविक नमुना सक्तीचा केलेला नाही, पण मजकूर स्पष्ट हवा. तो संदिग्ध असेल तर डॉक्टरांचं मंडळ तो अमलात आणत नाही. साधारण असा लिहिता येईल:

"मी, (नाव, वय, पत्ता), पूर्ण शुद्धीत आणि स्वखुशीने हे लिहीत आहे. मला बरा न होणारा, मृत्यूकडे नेणारा आजार असेल किंवा माझ्या मेंदूला भरून न येणारी इजा झाली असेल, सुधारण्याची आशा नाही असे वैद्यकीय मंडळाचे मत असेल, आणि मला माझा निर्णय सांगता येत नसेल, तर केवळ माझा मृत्यू लांबवणारे उपचार सुरू करू नयेत. सुरू असल्यास थांबवावेत. यात व्हेंटिलेटर, हृदय पुन्हा सुरू करण्यासाठी छाती दाबणे, डायलिसिस, रक्तदाब टिकवणारी औषधे आणि नळीवाटे अन्न यांचा समावेश आहे. वेदना, धाप आणि अस्वस्थता कमी करणारे सर्व उपचार मला अखेरपर्यंत द्यावेत. माझ्या वतीने निर्णय (नाव, नाते, फोन) यांनी घ्यावा. त्या उपलब्ध नसतील तर (नाव, नाते, फोन) यांनी. या लेखाचे परिणाम मला समजले आहेत. तो मी केव्हाही रद्द करू शकतो हेही मला माहीत आहे."

वेदना कमी करण्याचं वाक्य गाळू नका. ते वाचल्यावर घरच्यांना दिसतं की तुम्ही सेवा नाकारत नाही आहात, फक्त ओढाताण नाकारता आहात. अखेरचे दिवस घरी काढायचे असतील, मुलं येईपर्यंत एखाददुसरा दिवस थांबावं असं वाटत असेल, तर तेही लिहा.

घरदार, दागिने, बँकेतले पैसे यांचं मृत्युपत्र यात मिसळू नका. ते मृत्यूनंतर उघडतात, हा कागद तुम्ही जिवंत असताना लागतो. देहदानाचा आणि अवयवदानाचा फॉर्मही वेगळा भरा.

चौथं काम: सह्या

दोन साक्षीदारांसमोर सही करायची. ते शक्यतो तुमच्या मालमत्तेशी वा निर्णयाशी हितसंबंध नसलेले असावेत. शेजारी, मित्र, ज्येष्ठ नागरिक संघातले सोबती चालतील. मग नोटरी किंवा राजपत्रित अधिकाऱ्यासमोर साक्षांकन. हे स्वेच्छेने, समजून केलं आहे याची खात्री झाल्याची नोंद साक्षीदार आणि अधिकारी दोघांनीही कागदावर करायची असते. त्यामुळे साक्षीदारांना घरी सही करायला लावून एकट्यानेच नोटरीकडे जाऊ नका, तिघेही जा. आधारकार्ड बरोबर ठेवा. न्यायालयाच्या अटींत स्टॅम्प पेपर नाही. तरी काही नोटरी मागतात, तेव्हा वाद न घालता घेऊन टाका. चार मूळ प्रती करा आणि प्रत्येक पानावर सही करा.

पाचवं काम: पालिकेत जमा करणं

एक प्रत महापालिका, नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीच्या सक्षम अधिकाऱ्याकडे द्यायची असते. ती जपण्यासाठी तिथे एक अभिरक्षक नेमलेला असावा असं निकालात आहे. रुग्णालयातले डॉक्टर कागदाचा खरेपणा याच अभिरक्षकाकडून किंवा तुमच्या डिजिटल आरोग्य नोंदींतून पडताळतात, म्हणून ही पायरी कागदोपत्री सोपस्कार समजून सोडू नका. महाराष्ट्रात हे अभिरक्षक सुरुवातीला नेमलेलेच नव्हते. मुंबईचे स्त्रीरोगतज्ज्ञ डॉ. निखिल दातार यांनी स्वतःचं लिव्हिंग विल केलं, ते ठेवायला अधिकारी सापडेना म्हणून मुंबई उच्च न्यायालयात जनहित याचिका केली, आणि त्यानंतर राज्यभर नेमणुका झाल्या. मुंबईत प्रत्येक वॉर्डाचे आरोग्य अधिकारी हे काम पाहतात. गोव्यात न्यायमूर्ती महेश सोनक यांनी मे २०२४ मध्ये स्वतःचं लिव्हिंग विल नोंदवून तिथल्या व्यवस्थेची सुरुवात करून दिली.

लहान गावात खिडकीपलीकडच्या माणसाला हा विषय नवा असू शकतो. "असलं इथं घेत नाही" ऐकलंत तरी परत फिरू नका. मुख्याधिकाऱ्यांच्या किंवा आयुक्तांच्या नावे चार ओळींचा अर्ज लिहा, विषयात "वैद्यकीय इच्छापत्र जतन करण्याबाबत" असं घाला, सर्वोच्च न्यायालयाच्या २०२३ च्या आदेशाचा उल्लेख करा आणि आवक-जावक विभागात द्या. दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घेतल्याशिवाय बाहेर पडू नका. ती पोच लिव्हिंग विललाच टाचून ठेवा.

उरलेल्या प्रती निवडलेल्या माणसाकडे, फॅमिली डॉक्टरकडे आणि तुमच्या वैद्यकीय फाइलमध्ये जातात. बँकेच्या लॉकरमध्ये ठेवू नका, रविवारी तो उघडत नाही. सगळ्या पानांचे फोटो घरातल्या चौघांच्या मोबाइलवर असू द्या. पाकिटात एक चिठ्ठी ठेवा: "माझे लिव्हिंग विल आहे, या नंबरवर फोन करा."

वेळ आली तर रुग्णालयात काय घडतं

लिव्हिंग विल दाखवलं की लगेच व्हेंटिलेटर काढतात असं नाही, आणि काढूही नये. उपचार करणारा डॉक्टर आणि किमान पाच वर्षांचा अनुभव असलेले दोन तज्ज्ञ यांचं पहिलं मंडळ बसतं. त्यानंतर दुसरं मंडळ तपासतं. त्यात जिल्ह्याच्या मुख्य वैद्यकीय अधिकाऱ्याने नेमलेला एक डॉक्टर असतो आणि पहिल्या मंडळात नसलेले दोन तज्ज्ञ असतात. प्रत्येक मंडळाने शक्यतो ४८ तासांत मत द्यावं, असं २०२३ च्या आदेशात आहे. तुम्ही नाव दिलेल्या व्यक्तीची संमती लागते. उपचार थांबवण्यापूर्वी रुग्णालय न्यायदंडाधिकाऱ्यांना कळवतं. मंडळाने नकार दिला तर उच्च न्यायालयात दाद मागता येते.

नातलगांनी इथे बोलण्याचे शब्द सांभाळावेत. "त्यांना सोडवा" असं म्हटलं की तरुण निवासी डॉक्टर घाबरतो. "त्यांचं लिव्हिंग विल आहे, प्रत पालिकेत जमा आहे, पहिलं वैद्यकीय मंडळ बसवा अशी आमची लेखी विनंती आहे," असं म्हणा, आणि खरोखर लेखी द्या.

कागद केलेला नसेल तरी वाट बंद होत नाही. जवळच्या नातलगांच्या संमतीने हीच दोन मंडळांची प्रक्रिया होऊ शकते. फक्त तेव्हा मुलांना आईबापांच्या मनातलं ओळखावं लागतं.

प्रत्यक्षात आपल्याकडे बऱ्याचदा तिसरंच घडतं. पैसे संपतात, घरचे "आम्ही आमच्या जबाबदारीवर नेतो" अशी सही करतात, आणि रुग्ण वेदनाशामकाशिवाय, धापा टाकत, रुग्णवाहिकेतून घरी येतो. याचं मला सगळ्यात वाईट वाटतं. घरी न्यायचंच असेल तर सही करण्याआधी पॅलिएटिव्ह केअरच्या, म्हणजे वेदना आणि त्रास कमी करण्यावर भर देणाऱ्या उपचारांच्या, डॉक्टरांची भेट मागा. मॉर्फिन, धाप कमी करणारी औषधं, तोंड ओलं ठेवणं, कूस बदलणं, घशातला कफ सांभाळणं, रात्री कुणाला फोन करायचा, हे सगळं लिहून घ्या. तोंडाने घ्यायच्या मॉर्फिनला घाबरू नका. योग्य मात्रेत, डॉक्टरांच्या देखरेखीत दिलेलं मॉर्फिन मृत्यू घडवत नाही, वेदना उतरवतं. मुंबईत टाटा मेमोरियल रुग्णालयाचा यासाठी स्वतंत्र विभाग आहे. वांद्र्याचं शांती आवेदना सदन १९८६ पासून कर्करोगाच्या अखेरच्या टप्प्यातल्या रुग्णांना सांभाळतं. पुण्यात वारज्याला सिप्लाचं पॅलिएटिव्ह केअर केंद्र आहे. शक्य असेल तर या लोकांना आजाराच्या मध्यावरच गाठा.

आणखी एक. एकटेपणामुळे, कर्जामुळे, उदासीमुळे मरण हवंसं वाटत असेल, तर त्यावर हा कागद हा उपाय नाही. ते दुखणं बरं होतं. १४४१६ या टेली-मानसच्या, म्हणजे मानसिक आरोग्यासाठीच्या सरकारी हेल्पलाइनच्या, क्रमांकावर मराठीतही बोलता येतं, पैसे पडत नाहीत. कुणी वयस्कर माणूस "आता मला ने रे देवा" असं वारंवार म्हणत असेल, तर त्याच्यापुढे फॉर्म ठेवण्याआधी त्याच्याजवळ बसा, जेवतो का, झोपतो का, काय दुखतंय ते पाहा.

बदल करायचा झाला तर

मन बदलतं, नाती बदलतात, निवडलेली व्यक्ती आपल्याआधी जाते. लिव्हिंग विल केव्हाही रद्द करता येतं किंवा बदलता येतं, पण तेही लेखी आणि त्याच पद्धतीने: साक्षीदार, नोटरी, पालिका. दोन कागद सापडले आणि कुठलाच रद्द केलेला नसेल तर शेवटी सही केलेला धरतात. तरीही जुन्या प्रती परत मागून फाडून टाका, आणि ज्यांच्या मोबाइलवर जुने फोटो आहेत त्यांना ते पुसायला सांगून नवे पाठवा. मोठं ऑपरेशन ठरलं, नव्या आजाराचं निदान झालं किंवा जोडीदार गेला, की त्या आठवड्यात कागद काढून एकदा वाचायचा आणि फोन नंबर अजून लागतात का ते पाहायचं.